माणसांना ‘लोंढा’ म्हणावे का?

‘इचलकरंजीत परप्रांतीयांचे लोंढे’ अशा धर्तीच्या मथळ्यात ‘लोंढा’ शब्द माणसांना लावणे बरोबर आहे का, असा प्रश्न आला आहे.

व्याकरणाची हरकत नाही. लोंढा म्हणजे पाण्याचा जोराचा प्रवाह, आणि गर्दीसाठी त्याचा लाक्षणिक वापर मराठीत रुळलेला आहे. चैत्र यात्रेला जोतिबाच्या डोंगरावर भाविकांचा ‘महापूर’ लोटतोच की! पण महापूर तिथे ‘लोटतो’, मजुरांचा लोंढा मात्र ‘थोपवायचा’ असतो. मथळ्यात लोंढा आला की मागोमाग ‘रोखा’, ‘आवरा’, ‘ताण’ येतात आणि बातमी वाचण्याआधीच वाचकाचे मत बनते.

कोल्हापुरात तर हा शब्द जपून वापरावा. राजाराम बंधाऱ्यावर पंचगंगा ३९ फुटांवर गेली की इशारा, ४३ फुटांवर धोका. २०१९ चा पूर पाहिलेल्यांना हे आकडे पाठ आहेत. पाण्याची बातमी आपल्याकडे फूट-इंचांत येते. माणसांच्या ‘लोंढ्या’च्या बातमीत मात्र किती आले, कुठून, कोणत्या कामाला, हे बहुधा नसतेच. त्याच पुरात पंचगंगेकाठच्या चिखली-आंबेवाडीची माणसे घर सोडतात तेव्हा ‘नागरिकांचे स्थलांतर’ असे लिहितात, आणि ते योग्यच आहे. २०२० च्या टाळेबंदीत गावाकडे चालत निघालेल्या मजुरांना मात्र अनेकदा ‘लोंढे’ म्हटले गेले. हे मला फार खटकले.

‘परप्रांतीय’चेही तसेच. निपाणीचा माणूस कर्नाटकातला, पण त्याला कुणी परप्रांतीय म्हणत नाही. बँकेतल्या तमिळ अधिकाऱ्यालाही सहसा नाही. तो शब्द राखून ठेवलाय उत्तरेकडून आलेल्या कष्टकऱ्यासाठी, आणि अनेकदा दिसतो गुन्ह्याच्या बातमीत. ‘स्थलांतरित’ त्या मानाने नितळ. जनगणनेच्या व्याख्येत लग्न होऊन दुसऱ्या गावी सासरी गेलेली बाईसुद्धा स्थलांतरितच. २०११ च्या मोजणीत स्थलांतरितांत बायकाच जास्त होत्या, आणि त्यांचे मुख्य कारण लग्न.

माझे मत विचाराल तर माणसाला त्याच्या कामावरून ओळखावे. बीडहून येणाऱ्यांना आपण ‘ऊसतोड मजूर’ म्हणतो, ‘टोळ्या आल्या’ म्हणतो, आणि डोळ्यांसमोर फड, कोयता, बैलगाडी उभी राहते. तसेच ‘यंत्रमाग कामगार’, ‘फौंड्री कामगार’ लिहावे. बिहार किंवा ओडिशा हा तपशील बातमीला लागत असेल तरच ‘बिहारहून आलेले’ असे जोडावे, नाहीतर गाळावे.