बीडला राहून स्वतंत्र डॉक्युमेंटरी फिल्ममेकर म्हणून करिअर होतं का?

भाऊ, तुम्ही विचारलंय की ऊसतोड कामगारांवर, आपल्या समाजावर डॉक्युमेंटरी करायच्यात तर बीडमध्येच राहून जमंल का पुण्या-मुंबईला जावं लागंल. मी लातूरला लग्नाच्या शूटिंगा करतो आणि त्याच पैशावर माझ्या फिल्मा करतो, म्हणून सांगायलोय, जमतं. फक्त पोटाचा धंदा वेगळा ठेवा, फिल्ममधून महिन्याच्या महिन्याला पैसे येत नसतात.

डॉक्युमेंटरीवाले आनंद पटवर्धन यांचं काम नीट बघा. 1997 च्या जुलैत मुंबईच्या रमाबाई नगरात पोलिस गोळीबारात 10 माणसं गेली, काही दिवसांनी शाहीर विलास घोगरेंनी आत्महत्या केली, पटवर्धन त्यांना आधीपासून ओळखायचे, पटवर्धनांच्या 1985 च्या 'हमारा शहर' फिल्ममध्ये घोगरेंचं गाणं आहे. तिथून सुरू झालेली पटवर्धनांची डॉक्युमेंटरी 'जय भीम कॉम्रेड' 2011 ला पूर्ण झाली. 14 वर्षं! कोर्टातली केस, वस्त्यांमधली गाणी, नंतरची तरुण शाहीर पोरं, हे सगळं आलं कारण माणूस थांबला. कुठलं चॅनल एवढं थांबू देतंय? माझ्या लेखी स्वतंत्र म्हणजे हेच, घाई करणारा मालक डोक्यावर नाही. पण मग भांडावं पण आपल्यालाच लागतं, त्यांच्याच 'जंग और अमन' फिल्मला सेन्सॉरनं कट सांगितले तर ते हायकोर्टात गेले आणि एकही कट न करता फिल्म सोडवून आणली.

आता तुमचा विषय. जो तो कॅमेरा घेऊन हंगामात फडावर जातो, कोयता, पाचट, डोक्यावर मोळी घेतलेली बाई, झाली फिल्म. तिथं मजुरांना नेणारा मुकादम उभा असतो हो, त्याची उचल, म्हणजे आगाऊ घेतलेले पैसे, अंगावर असलेलं जोडपं त्याच्यासमोर काय बोलणार? म्हणून गाड्या निघायच्या आधी, उचल ठरते तेव्हा गावात असा, हंगामात मागं राहिलेल्या म्हाताऱ्यांजवळ आणि लेकरांजवळ बसा, आणि कारखान्याचा पट्टा पडून, म्हणजे हंगाम संपून, माणसं परत आली की हिशोबाच्या वेळी परत जा, उचल फिटली का पुढच्या वर्षावर गेली ते तेव्हाच कळतं. एकच घर धरा, दोन-तीन हंगाम धरा. पुण्या-मुंबईच्या माणसाला हे परवडत नाही, तुम्हाला परवडतं, गाव तुमचंच आहे. बायांना विचारल्याशिवाय चेहरा दाखवू नका, काही गोष्टी त्या फक्त बाईलाच सांगतात, तर टीममध्ये एखादी ताई पाहिजेच पाहिजे.

कॅमेऱ्यावर कर्ज काढू नका, बरा मोबाईल चालतो. पैसा माईकवर घाला, फडात वारं आणि पाचटाचा आवाज एवढा असतो की बोलणं ऐकूच येत नाही.

फिल्म झाली की आधी त्याच गावात शाळेच्या भिंतीवर प्रोजेक्टर लावून दाखवा, लोक चुकीचं काही असलं तर तोंडावर सांगतात, ते दुरुस्त करा आणि मगच फेस्टिवलला पाठवा. संभाजीनगरचा अजिंठा-वेरूळ फिल्म फेस्टिवल जवळ आहे, मुंबईचा मिफ (मुंबई आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव) तर डॉक्युमेंटरीसाठीच आहे, दर दोन वर्षांनी असतो.