तीन लाखांची तडजोड आताच स्वीकारावी का?

दारव्हा तालुक्यातील एका वाचकांनी विचारले आहे : वय 38, कोरडवाहू चार एकर, गेल्या वर्षी ट्रकच्या धडकेत मांडीचे हाड मोडले, सळई टाकावी लागली आणि उपचारांवर 1,40,000 रुपये खर्च झाले. दावा न्यायाधिकरणात दाखल आहे. विमा कंपनी लोकअदालतीत तीन लाख द्यायला तयार आहे आणि सावकाराचे 1,20,000 रुपये दरमहा तीन टक्क्यांनी डोक्यावर आहेत.

माझे मत असे की या रकमेवर सही करू नये. आपण हेल्मेट घातले नव्हते म्हणून काहीच मिळणार नाही, अशी भीती गावात कुणीतरी घातलेली दिसते. परंतु हेल्मेटचा मांडीच्या हाडाशी संबंध नाही, आणि अपघातात आपली काही चूक ठरलीच तरी भरपाई त्या प्रमाणात कमी होते, दावा बुडत नाही.

शेतकऱ्याला पगारपत्रक नसते म्हणून त्याचे उत्पन्न धरले जात नाही, हा समज अधिक महागात पडतो. जमीन तर शाबूत आहे, असा युक्तिवाद समोरून होईल. मात्र नुकसान मोजायचे ते आपल्या अंगमेहनतीचे आणि देखरेखीचे. डवरणी, फवारणी आपण स्वतः करत होता आणि आता त्यासाठी मजूर लावावा लागतो, हे सातबारा, कापूस विक्रीच्या पावत्या व साक्षीदारांनी दाखवता येते. महिना 12,000 रुपये मान्य झाले तर वर्षाचे 1,44,000 होतात. चाळिशीच्या आतील स्वयंरोजगारी व्यक्तीसाठी भविष्यातील वाढीचे 40 टक्के धरून 2,01,600, आणि सर्वोच्च न्यायालयाने 2009 मध्ये 36 ते 40 वयोगटासाठी ठरवून दिलेल्या 15 या गुणकाने 30,24,000. कमाईची क्षमता 15 टक्के घटली असे मानले, तर 4,53,600 आणि उपचारखर्च मिळून 5,93,600 रुपये होतात. त्यात वेदना, अंथरुणावर गेलेला काळ, पुढे सळई काढण्याची शस्त्रक्रिया आणि व्याज धरलेले नाही.

अर्थात हे 15 टक्के माझे गृहीतक आहे. प्रमाणपत्रावरील पायाची टक्केवारी म्हणजे कमाईतील घट नव्हे. तीच इजा दुकानात बसणाऱ्याला कमी आणि नांगरामागे चालणाऱ्याला जास्त नडते, असे न्यायालयेही मानतात. म्हणून जिल्हा रुग्णालयाचे अपंगत्व प्रमाणपत्र हाती येण्याआधी कोणताही आकडा मान्य करणे घाईचे आहे, कारण लोकअदालतीच्या निवाड्यावर अपील नसते.

आपली खरी अडचण सावकाराची आहे. त्याचे व्याज महिन्याला 3,600, म्हणजे दोन वर्षांत 86,400 होते. हे ओझे मोठे असले तरी देऊ केलेले तीन लाख आणि वरील हिशेबातील रक्कम यांच्यातील फरकापेक्षा लहान आहे. शिवाय ते हलके करता येते. घरातील सोने बँकेत तारण ठेवून सावकार आधी मोकळा करावा. खरिपासाठी मात्र पीककर्जच घ्यावे, कारण मुदतीत फेडल्यास तीन लाखांपर्यंतच्या पीककर्जावर डॉ. पंजाबराव देशमुख व्याज सवलत योजनेचा लाभ मिळतो.

प्रमाणपत्र आल्यानंतर कंपनी पाच लाखांच्या आसपास आली, तर मात्र मी खटला ताणणार नाही. त्याआधी वकिलांशी शुल्क लेखी ठरवा; भरपाईतील टक्केवारी मागणे वकिलांच्या आचारसंहितेत बसत नाही.