‘नानूक ऑफ द नॉर्थ’मध्ये दिसणारं इनुइट (आर्क्टिक प्रदेशातल्या मूळ रहिवाशांचं) जीवन खरं आहे का?

अर्धंच. माणसं, बर्फ, थंडी खरी. पण १९२२ च्या या मूक माहितीपटातली बरीच दृश्यं दिग्दर्शक रॉबर्ट फ्लाहर्टीने ठरवून घडवून घेतली होती. चित्रीकरण कॅनडाच्या उत्तर क्वेबेकमधल्या इनुक्जुआक परिसरातलं, पैसा फरचा व्यापार करणाऱ्या रेव्हियाँ फ्रेर कंपनीचा. नायकाचं खरं नाव अल्लाकारिअल्लाक, आणि पडद्यावरची ‘बायको’ त्याची बायको नव्हती. इग्लूत जड कॅमेरा मावेना, उजेडही पुरेना, म्हणून एका बाजूने उघडा, अर्धा इग्लू बांधला. कुटुंब कपडे काढून झोपतं ते त्या उघड्या गारठ्यात. बंदुका तेव्हा तिथे रोजच्या वापरात होत्या, तरी शिकार हार्पूनने (दोरी बांधलेल्या भाल्याने) करायला लावली. सील या समुद्री प्राण्याच्या शिकारीच्या दृश्यात, तो ओढतोय असं भासवायला दोरीला झटके देणारी माणसं चौकटीबाहेर होती. सगळ्यात खटकतो तो ग्रामोफोनची तबकडी चावून बघण्याचा प्रसंग, कारण तो अडाणीपणा निव्वळ प्रेक्षकांना हसवण्यासाठी रचलेला आहे. नानूक पुढे उपासमारीने गेला हेही फ्लाहर्टीचंच सांगणं. बहुधा तो क्षयाने गेला.

मात्र ‘सगळं खोटं’ म्हणणंही चूक. इनुइट सहकारी कॅमेऱ्याची देखभाल करत, फिल्म धुवायला मदत करत, दृश्यं सुचवत. आजचं जीवन पाहायचं तर अलेथिया अर्नाकुक-बारिल या इनुइट दिग्दर्शिकेचा ‘अँग्री इनुक’ (२०१६) बघा. सीलच्या शिकारीची आर्थिक बाजू त्यात आहे.