लार्कस्पर, डेल्फिनियम आणि निळवंती

प्रश्न असा आला आहे: अमेरिकेतल्या डोंगराळ कुरणांवरच्या एका इंग्रजी लेखाचं मराठी भाषांतर चालू आहे. त्यात ‘लार्कस्पर’ या रानफुलाचं नाव पुन्हापुन्हा येतं. कुणी सांगतं की लार्कस्पर म्हणजेच डेल्फिनियम, कुणी सांगतं की दोन्ही वेगळी. मराठीत सरळ ‘निळवंती’ लिहिलं तर चालेल का? शिवाय त्याच लेखात ‘टॉल लार्कस्पर’ आणि ‘लो लार्कस्पर’ असे दोन शब्द आहेत. त्या दोन वेगळ्या जाती समजायच्या का?

माझं मत आधीच सांगतो. ‘लार्कस्पर’ला ‘लार्कस्पर’च ठेवा. ‘निळवंती’ हा सुंदर शब्द आहे, पण तो एका विशिष्ट जातीचा आहे आणि ती जात अमेरिकेत उगवत नाही. हे मत का झालं ते मात्र सविस्तर सांगायला हवं, कारण या नावात बरंच काही दडलेलं आहे.

लार्क म्हणजे चंडोल आणि त्याचे भाऊबंद, स्पर म्हणजे टाचेवरचा काटा. या पक्ष्यांच्या पायाचं मागचं बोट पाहिलं तर त्याचं नख चांगलंच लांब असतं. जमिनीवर चालणारे पक्षी हे, त्यामुळे ते नख लोकांच्या नजरेत भरलं. फुलाच्या पाठीमागून निघालेला लांब, निमुळता भाग पाहून इंग्रजांना तेच नख आठवलं आणि ‘लार्कस्पर’ नाव पडलं. फ्रेंच लोकांनाही चंडोलच दिसला. त्यांचा ‘पिए दालुएत’ म्हणजे चंडोलाचा पाय. हंगेरियन भाषेत पक्षी बदलला आणि कावळ्याच्या कुळातल्या लांब शेपटीच्या ‘मॅगपाय’ पक्ष्याचा पाय झाला. जर्मन आणि डच लोकांना पक्षी दिसलाच नाही. त्यांनी ‘रिटरश्पोर्न’, ‘रिडरस्पोर’ म्हटलं, म्हणजे घोडेस्वार सरदाराच्या टाचेवरचा काटा. स्पॅनिशमधलं ‘एस्पुएला दे काबायेरो’ही तेच सांगतं.

ग्रीकांनी याच कुळीतल्या फुलाची न उमललेली कळी पाहिली असावी. कळीचं तोंड फुगीर असतं आणि मागे शेपटी वळलेली, अगदी उडी मारणाऱ्या डॉल्फिनसारखी. त्यांच्या भाषेत डॉल्फिनला ‘देल्फिस’, म्हणून फूल ‘देल्फिनियॉन’. पहिल्या शतकातला वैद्य डायोस्कोरिडीस हे नाव वापरतो. पुढे लिनिअसने १७५३ साली ‘डेल्फिनियम’ हे वनस्पतीच्या प्रजातीचं शास्त्रीय नाव म्हणून पक्कं केलं. (इथे ‘प्रजाती’ मी मराठी विश्वकोशाच्या अर्थाने वापरतो आहे: प्रजाती म्हणजे अनेक जातींचा गट. वर्तमानपत्रांत हल्ली ‘प्रजाती’ हाच शब्द एकेका जातीसाठीही वापरतात आणि मग ‘डेल्फिनियम प्रजातीच्या तीनशे प्रजाती’ अशी चमत्कारिक वाक्यं तयार होतात. ती टाळा.)

मग दोन्ही एकच का? रानफुलांपुरतं उत्तर ‘हो’ असं आहे. गोंधळ होतो तो बागेच्या भाषेमुळे. बागवान आणि बी-बियाणं विकणारे एक सोयीची वाटणी करतात. एका हंगामात उगवून, फुलून संपणारं ते लार्कस्पर. मुळं जिवंत ठेवून दर वर्षी पुन्हा फुटणारं, माणसाएवढे तुरे काढणारं ते डेल्फिनियम. या वाटणीला काही काळ शास्त्राचाही आधार होता. एकोणिसाव्या शतकात एकवर्षी जाती वेगळ्या काढून त्यांची ‘कन्सॉलिडा’ ही स्वतंत्र प्रजाती केली गेली. आधार बारीक होता, पण खरा होता: या जातींत फुलाच्या मधोमध एकच किंजदल (ज्याचं पुढे फळ होतं तो भाग) असतं, म्हणून एका फुलापासून एकच शेंगेसारखं फळ, म्हणजे पेटिका, तयार होते. बहुवर्षी जातींत बहुधा तीन किंजदलं असतात आणि तीन पेटिका एकमेकींना चिकटून उभ्या राहतात. फुलं गळून गेल्यावरही नुसत्या फळावरून हा फरक ओळखता येतो.

पण २०१० नंतरच्या डीएनए अभ्यासांत दिसलं की कन्सॉलिडाच्या जाती डेल्फिनियमच्या वंशवृक्षातलीच एक फांदी आहेत. त्यांना वेगळं काढलं तर उरलेलं डेल्फिनियम अपुरं राहतं. म्हणून त्यांना परत डेल्फिनियममध्ये घेतलं. भूमध्य समुद्राकाठची दोन-तीन जातींची एक लहानशी शाखा मात्र उलट बाहेर पडली. तिला ‘स्टॅफिसॅग्रिया’ हे जुनं नाव स्वतंत्र प्रजाती म्हणून मिळालं. तिच्या बियांची पूड पूर्वी युरोपात उवा मारायला वापरत. अमेरिकेत तर बागेतली वाटणी रानाला कधी लागूच पडली नाही. तिथली रानातली देशी लार्कस्पर बहुवर्षी आहेत आणि सगळे त्यांना लार्कस्परच म्हणतात.

आता फूल जवळून पाहू, कारण ‘स्पर’ला मराठीत काय म्हणायचं हा प्रश्नही यातच आहे. बाहेरून ज्या पाच निळ्या पाकळ्या वाटतात, त्या पाकळ्या नसून संदलं आहेत. इतर फुलांत कळीला झाकणारी जी हिरवी आवरणं असतात, तीच इथे रंगीत झालेली. पाचांपैकी वरच्या संदलाला मागे पोकळ नळी फुटते. वनस्पतिशास्त्राच्या मराठीत या भागाला ‘शुंडिका’ म्हणतात, म्हणजे लहानशी सोंड. तेरड्याच्या फुलामागेही अशीच शुंडिका असते. खऱ्या पाकळ्या आत आहेत, चार आणि लहान. त्यातल्या वरच्या दोघींनाही एकेक शुंडिका असते आणि त्या दोन्ही नळ्या संदलाच्या मोठ्या नळीत शेजारी शेजारी सरकवलेल्या असतात. मध या आतल्या नळ्यांत साठतो. खालच्या दोन पाकळ्यांवर बहुधा केस असतात आणि त्यांच्या आडोशाला पुंकेसर असतात. मधल्या या केसाळ झुबक्याला इंग्रज बागवान ‘बी’ म्हणतात, कारण लांबून तिथे मधमाशी बसल्यासारखी वाटते.

एवढ्या खोल मधापर्यंत पोचायला लांब जीभ लागते, म्हणून बंबलबी ही जाड, केसाळ माशी या फुलांची मुख्य गिऱ्हाईक. ती तुऱ्याच्या तळापासून वर चढत जाते. तुरा खालून वर उमलत जातो आणि प्रत्येक फुलात आधी पुंकेसर पिकतात, नंतर स्त्रीकेसर तयार होतो. म्हणजे खालची जुनी फुलं पराग घेण्याच्या अवस्थेत असतात आणि वरची कोवळी पराग देण्याच्या. माशी दुसऱ्या झाडाचा पराग तळाच्या फुलांना देते, वर जाताना नवा पराग अंगावर घेते आणि पुढच्या झाडाच्या तळाशी उतरते. इतकी नेटकी व्यवस्था पाहिली की या प्रजातीत जाती का वाढत गेल्या असतील याचा थोडा अंदाज येतो.

जाती खरोखरच भरपूर आहेत, तीनशेहून अधिक. एकट्या चीनमध्ये दीडशेहून जास्त, उत्तर अमेरिकेत साठेक. सायबेरिया, हिमालय, इराण, भूमध्य प्रदेश, शिवाय पूर्व आफ्रिकेतले उंच डोंगर, एवढा यांचा पसारा. यामुळेच लार्कस्परचा अर्थ नुसता ‘एक निळे फूलझाड’ असा दिला तर तो मला अपुरा वाटतो. कॅलिफोर्नियात डेल्फिनियम कार्डिनॅले आणि डेल्फिनियम न्यूडिकॉले या जाती लालभडक फुलतात आणि त्यांच्याकडे हमिंगबर्ड येतात. कॅलिफोर्नियाच्याच किनाऱ्याजवळची डेल्फिनियम ल्युटियम पिवळी असून इतकी थोडी उरली आहे की २००० साली तिला अमेरिकेच्या संकटग्रस्त जातींच्या यादीत घालावं लागलं. इराण आणि मध्य आशियातल्या पिवळ्या डेल्फिनियम सेमिबार्बेटमच्या फुलांनी रेशीम रंगवत. हा माल ‘अस्बर्ग’ नावाने भारतातल्या रंगाऱ्यांपर्यंतही पोचायचा. पूर्व आफ्रिकेतली डेल्फिनियम लेरॉयी पांढरी आणि सुवासिक. हिमालयात खूप उंचावर उगवणाऱ्या डेल्फिनियम ब्रुनोनियानमला कस्तुरीसारखा वास येतो.

तरीही निळा रंग या प्रजातीच्या नावाला कायमचा चिकटला आहे. वनस्पतींमधल्या एका निळ्या-जांभळ्या रंगद्रव्याला रसायनशास्त्रात ‘डेल्फिनिडिन’ म्हणतात, ते याच फुलावरून. वांग्याच्या जांभळ्या सालीतला रंगही याच द्रव्यापासून बनतो. लाल लार्कस्परमध्ये मात्र पेलार्गोनिडिन हे वेगळं द्रव्य असतं. कोलोराडोत डेल्फिनियम नेल्सनीच्या निळ्या गर्दीत अधूनमधून पांढऱ्या फुलांची झाडं उगवतात. वेझर आणि प्राइस या संशोधकांनी १९८१ साली दाखवलं की बंबलबी आणि हमिंगबर्ड अशा पांढऱ्या फुलांना टाळतात, म्हणून त्यांना बी कमी धरतं.

आता निळवंती. सह्याद्रीत, मुख्यतः महाराष्ट्राच्या बाजूला, पावसाळा सरता सरता डोंगरउतारांवरच्या गवतात डेल्फिनियम मलबारिकम फुलतं. मराठीत निळवंती म्हणतात ते हेच. जगात ही जात पश्चिम घाटाबाहेर कुठेच नाही. पूर्वी तिला डेल्फिनियम डॅसिकॉलॉन या आफ्रिकेतल्या जातीचाच एक प्रकार मानत. विसाव्या शतकात तिला स्वतंत्र जातीचा दर्जा मिळाला. नावात मलबार असलं तरी तिचं घर बरंचसं उत्तरेला आहे. इतक्या नेमक्या जागी, इतक्या नेमक्या फुलासाठी मराठी माणसांनी ठेवलेलं हे नाव आहे. ते कॅलिफोर्नियातल्या लाल लार्कस्परला लावलं तर ‘लाल निळवंती’ असं विचित्र काहीतरी होईल आणि आपल्या फुलाचं नावही पातळ होईल. लेखकाला नातं सांगायचंच असेल तर ‘निळवंतीच्या जातकुळीतलं लार्कस्पर’ असं एकदा लिहावं. तेवढं पुरे.

‘चंडोलनखी’ असा शब्द घडवावा अशीही सूचना कुणी करेल. ऐकायला गोड आहे, पण वाचकाला त्यातून कुठलंच फूल डोळ्यांसमोर येणार नाही. उलट ‘वाघनखी’सारखी नावं आधीच दुसऱ्या वनस्पतींना आहेत, त्यांची आठवण होऊन घोटाळा वाढेल. शास्त्रीय लिखाण असेल तर डेल्फिनियम, ललित असेल तर लार्कस्पर, हे मला सरळ वाटतं.

टॉल आणि लो या शब्दांचा संबंध थेट विषाशी आहे. डेल्फिनियम ही बचनागाच्या कुळातली, मोरवेल कुलातली वनस्पती. हिमालयातल्या डेल्फिनियम डेन्युडेटमला आपल्याकडच्या औषधी परंपरेत ‘निर्विषी’ किंवा ‘जदवार’ म्हणतात, कारण बचनागाच्या विषावर उतारा म्हणून तिची ख्याती होती. हे नाव वाचून सगळी प्रजाती निर्धोक आहे असं कुणी समजू नये. अमेरिकेच्या पश्चिम भागात रानातल्या लार्कस्परने दर वर्षी गुरं मरतात. मिथिललायकाकोनिटिन आणि त्यासारखी अल्कलॉइडं मज्जातंतूंकडून स्नायूंकडे जाणारा संदेश अडवतात. जनावराचे पाय लटपटतात, ते खाली बसतं आणि शेवटी श्वास थांबतो. मेंढ्यांना मात्र याच विषाचा गाईंच्या कितीतरी पट जास्त डोस सोसतो. या विषयावर युटा राज्यातल्या लोगन इथल्या सरकारी विषारी वनस्पती प्रयोगशाळेत अनेक वर्षं काम झालं आहे.

तिथले पशुपालक लार्कस्परची वाटणी जातींनुसार करत नाहीत, धोका कुठे आणि कधी आहे त्यानुसार करतात. लो लार्कस्पर म्हणजे साधारण दोन फुटांच्या आतली, वसंताच्या सुरुवातीला फुलून उन्हाळ्यापूर्वी वाळून जाणारी झाडं. टॉल लार्कस्पर म्हणजे उंच डोंगरात, जिथे बर्फ साचून राहतो अशा ओलसर जागी, चार-सहा फूट वाढणारी. प्रत्येक गटात अनेक जाती आहेत. उदाहरणार्थ, डेल्फिनियम बार्बेयी आणि डेल्फिनियम ऑक्सिडेंटाले या दोन्ही टॉल. डेल्फिनियम नटॅलिआनम आणि डेल्फिनियम बायकलर या लो. सपाट मैदानातल्या डेल्फिनियम गेयरीसाठी तिसरा शब्द आहे, ‘प्लेन्स लार्कस्पर’. टॉल लार्कस्पर कोवळं असताना सर्वांत विषारी असतं, पण तेव्हा गुरं त्याला फारसं तोंड लावत नाहीत. फुलोरा आल्यावर ती ते आवडीने खाऊ लागतात आणि विष अजून पुरेसं उतरलेलं नसतं. म्हणून फुलोऱ्यापासून शेंगा भरेपर्यंतचा काळ सर्वांत धोक्याचा. तुमच्या लेखात गुराखी त्याच सुमारास कुरण सोडून जात असतील तर कारण हे आहे.

तेव्हा ही जातींची नावं नाहीत, गटांची आहेत. मराठीत ‘उंच लार्कस्पर’ आणि ‘बुटकं लार्कस्पर’ असं लिहा आणि पहिल्या उल्लेखाला ‘जातींची’ हा शब्द जोडा: ‘उंच जातींची लार्कस्पर’. लिंग नपुंसकच बरं, कारण ‘फूल’ आणि ‘झाड’ दोन्ही तशीच. विभक्ती लावताना ‘लार्कस्पराचा’ असं सामान्यरूप करू नका. ट्यूलिप, ऑर्किड यांच्यासारखं ‘लार्कस्परचा तुरा’, ‘लार्कस्परला शेंगा धरल्या’ असंच जिभेवर सहज बसतं.