आरसेपंथ की दर्पण संप्रदाय?

ठाण्यात एकांकिकेच्या तालमी करणाऱ्या एका मुलीने विचारलं आहे. तिच्या संहितेत एक काल्पनिक गूढ पंथ आहे. त्याचे लोक पहाटे तलावपाळीला जमून मासुंदा तलावाच्या पाण्यात स्वतःकडे बघत बसतात, घरातले आरसे कापडाने झाकून ठेवतात आणि दीक्षेच्या दिवशी गुरूच्या हातून पहिला आरसा घेतात. तिने पंथाला 'ऑर्डर ऑफ रिफ्लेक्शन' म्हटलं होतं, दिग्दर्शक 'दर्पण संप्रदाय' सुचवतो. मराठीत नाव काय ठेवावं, त्या माणसांना काय म्हणावं, आणि 'रिफ्लेक्शन'सारखा प्रतिबिंब आणि चिंतन दोन्ही सांगणारा एकच शब्द आपल्याकडे आहे का, असे तिचे तीन प्रश्न आहेत.

आधी शेवटचा प्रश्न घेतो. तसा एक शब्द नाही. प्रतिबिंब पडतं किंवा उमटतं, विज्ञानाच्या पुस्तकात प्रकाशाचं परावर्तन होतं, आणि चिंतन माणूस करतो. तिन्ही शब्दांची क्रियापदंसुद्धा वेगळी. त्यांना एका दावणीला बांधायला जाशील तर वाक्य अडखळेल. पण तुला हवी असलेली दुहेरी गंमत मराठीत दुसऱ्या जागी बसली आहे, आणि ती मला जास्त आवडते.

'आरसा' हा शब्द संस्कृत 'आदर्श'पासून आला. 'आदर्श' म्हणजे मुळात आरसाच, ज्यात बघायचं ते. प्राकृतात त्याचं 'आयरिस' झालं, ज्ञानेश्वरीत 'आरिसा' भेटतो, आणि आपण 'आरसा' म्हणतो. तोच 'आदर्श' नंतर संस्कृतातून जसाच्या तसा पुन्हा उचलला गेला, तेव्हा त्याचा अर्थ 'ज्याच्यासारखं व्हावं तो नमुना' असा झाला होता. म्हणजे आपण रोज सकाळी ज्यात तोंड बघतो तो आरसा आणि 'आदर्श विद्यार्थी'मधला आदर्श हे एकाच आईचे दोन मुलगे आहेत. तुझ्या गुरूला शिष्यापुढे बोलायला यापेक्षा चांगलं काय हवं?

शिवाय तुझ्या पंथाला एक पूर्वजही आहे. बृहदारण्यक उपनिषदात गार्ग्य बालाकी राजा अजातशत्रूला सांगतो, की पाण्यातल्या पुरुषाची मी ब्रह्म म्हणून उपासना करतो. अजातशत्रू म्हणतो, तो नुसता 'प्रतिरूप', म्हणजे हुबेहूब दिसणारा. मग गार्ग्य आरशातल्या पुरुषाकडे वळतो. तिथे आरशाला शब्द 'आदर्श' हाच आहे. अजातशत्रू त्यालाही अडवतो, तो 'रोचिष्णु', म्हणजे झळाळणारा, इतकंच. तुझ्या एकांकिकेत पाणीही आहे आणि आरसाही. पंथाला प्रश्न विचारणारं एखादं पात्र असेल तर त्याच्या तोंडी 'प्रतिरूप' हा शब्द जरूर घाल.

आता 'दर्पण'. शब्द देखणा आहे. बाळशास्त्री जांभेकरांनी 6 जानेवारी 1832 रोजी पहिलं मराठी वृत्तपत्र काढलं, त्याचं नाव 'दर्पण'. पूजेच्या राजोपचारांत छत्र, चामर यांच्याबरोबर दर्पणच येतो. पण त्याचा धातू 'दृप्', ज्यापासून 'दर्प' म्हणजे गर्व होतो. बघणाऱ्याला फुगवणारा तो दर्पण. अहंकार सोडायला निघालेल्या लोकांनी हे नाव घेऊ नये असं माझं मत आहे. पंथ पुढे बिघडतो असं कथानक असेल तर मात्र फुटून निघालेल्या गटाला 'दर्पण' नाव दे, ते अगदी बरोबर बसेल.

'संप्रदाय'मध्ये 'दा' धातू आहे, पिढ्यान् पिढ्या हातोहात दिलेलं. 'पंथ' म्हणजे वाट. तुझी मंडळी नवी आहेत, त्यांच्यामागे परंपरा नाही. म्हणून पंथ.

राहिली जोडणी. 'आरसापंथ' की 'आरसेपंथ'? तलावपाळीवरच उत्तर उभं आहे. फुगा विकतो तो फुगेवाला, टांगा हाकायचा तो टांगेवाला, पण रिक्षा चालवतो तो रिक्षावाला. फुगा, टांगा हे आकारान्त पुल्लिंगी, ते असे जोडताना एकारान्त होतात. रिक्षा स्त्रीलिंगी, ती जागची हलत नाही. घोड्याचा घोडेस्वार झाला, आणि 'आरसेमहाल' तर आपल्याकडे आहेच. म्हणून आरसेपंथ. त्याच न्यायाने माणसं 'आरसेकरी'. पहारा देणारा पहारेकरी, दिंडीत झेंडा घेणारा झेंडेकरी, तसा आरसा घेणारा आरसेकरी. 'दर्पणोपासक' नटाच्या जिभेवर दोनदा अडेल, 'आरसेकरी' शेवटच्या रांगेपर्यंत जाईल.

एक शब्द मात्र बाजारातून आणून देतो. मागच्या महिन्यात जांभळी नाक्याजवळ आमचा जुना आरसा दुरुस्तीला नेला होता. कारागिराने तो उजेडाकडे तिरका धरला, मागच्या काळ्या डागांवरून बोट फिरवलं आणि म्हणाला, "पारा उडालाय." आता आरशामागे पारा नसतो. जर्मन रसायनशास्त्रज्ञ लीबिगने 1835 मध्ये काचेवर चांदी चढवायची रीत शोधली, त्यानंतर कथील-पाऱ्याचा लेप हळूहळू मागे पडला. पण बोलण्यात पारा तसाच राहिला. तुझ्या पंथात ज्याची साधना संपली, ज्याला स्वतःचं रूप दिसेनासं झालं, त्याला बाकीचे काय म्हणतील? "त्याचा पारा उडाला." प्रेक्षकांना अर्थ सांगावा लागणार नाही. 'पारा चढणे' म्हणजे रागावणे, तेवढं सांभाळ. 'चढला' आणि 'उडाला' एकाच प्रवेशात नकोत.

आणि लिहिताना 'आरसात', 'आरसाला' असं लिहू नकोस. घसा-घशात, पैसा-पैशाला, तसं आरशात, आरशाला, आरशासमोर. तुझ्या पाठवलेल्या पानावर गुरूच्या पहिल्याच वाक्यात 'आरसासमोर' झालं आहे, तालमीत पाठ व्हायच्या आत बदलून घे.