वेल्डिंगचे कोड, म्हणजे नियमांची पुस्तकं, व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर फुकट मिळतात, मग विकत का घ्यायचे? फुकट घेतल्याने सेफ्टीच्या कामाचा पैसा खरंच कमी होतो का?

घ्यायचे. मी भोसरीत वेल्डिंग इन्स्पेक्शन करतो आणि फुकटच्या पीडीएफने काय होतं ते मी हाताने पुसलंय.

४० मिमी प्लेटचा बेस होता, वेल्डिंगचा रॉड ७०१८ नंबरचा. शेठनी व्हॉट्सअ‍ॅपवर डी१.१, म्हणजे अमेरिकन वेल्डिंग सोसायटीचा स्टीलच्या बांधकामाचा कोड, पाठवला. कुणीतरी झेरॉक्सवरून स्कॅन केलेला, प्रीहीटच्या (वेल्डिंगआधी प्लेट किती तापवायची त्या) तक्त्यावर आडवी काळी पट्टी. सुपरवायझरने दिसली ती ओळ धरली: २० ते ३८ मिमी, १० अंश. पुण्यात १० अंश म्हणजे टॉर्च पेटवायचीच नाही. पट्टीखाली दडलेल्या, आमच्या ४० मिमीला लागू असलेल्या ओळीत ६५ अंश होतं. दोन दिवसांनी एमपीआय, म्हणजे चुंबकाने भेगा शोधायची तपासणी, केली तर वेल्डच्या कडेला केसासारखी भेग, बोटभर लांब. शेजारच्या जॉइंटलाही तेच. चार दिवस गॉजिंग, म्हणजे कार्बन रॉडने खराब वेल्ड कोरून काढणं, चाललं. पत्र्याच्या शेडमध्ये आमचा वेल्डर तोंडाला रुमाल बांधून त्या धुरात बसला होता. वेल्डिंगचा धूर माणसाला कॅन्सर करतो, असं जागतिक आरोग्य संघटनेच्या कर्करोग संशोधन संस्थेने २०१७ मध्येच ठरवलंय.

शिवाय ती प्रत २०१५ ची. २०२० च्या आवृत्तीत प्रीक्वालिफिकेशन, म्हणजे वेगळी चाचणी न घेता वापरता येणाऱ्या पद्धतींचे नियम, क्लॉज ३ वरून ५ वर गेलं. आमच्या डब्ल्यूपीएसवर (वेल्डिंग कसं करायचं त्या लेखी कागदावर) जुनाच नंबर, थर्ड पार्टीने, म्हणजे बाहेरच्या तपासनीसाने, लाल रेघ मारली.

आता पैशाचं. कमिटीतले लोक पगार घेत नाहीत, त्यामुळे कुणाच्या पोटावर पाय येतो असं मी म्हणणार नाही. पण बैठका, संपादन, छपाई फुकट होत नाही. हीच अमेरिकन वेल्डिंग सोसायटी झेड४९.१ हे सेफ्टीचं स्टँडर्ड आणि धूर, शॉक यांवरची माहितीपत्रकं कुणालाही फुकट देते. कोड विकून येणारा पैसा आटला की आधी हेच थांबेल, असं माझं ठाम मत.

हां, किंमत छोट्या शॉपला झेपत नाही, हे मान्य. भारतीय कोडवर काम असेल तर बीआयएसच्या (भारतीय मानक ब्यूरोच्या) साइटवर नाव नोंदवून आयएस ८१६ सारखे कोड फुकट उतरवता येतात. तिथे चोरीचं कारणच नाही. परदेशी कोडवर काम असेल तर त्याची किंमत कोटेशनमध्येच धरा. मी हे शेठना तेव्हाच सांगितलं होतं. ते म्हणाले, "त्या पैशात ग्राइंडर येईल, पुस्तक मागितलंय कुणी?" थर्ड पार्टीने मागितलं होतं, दोनदा. आणि त्या चार दिवसांचे कार्बन रॉड, मजुरी, परत एमपीआय यांचा हिशोब मी शेठच्या टेबलावर ठेवला होता. तो पुस्तकाच्या किमतीपेक्षा जास्त निघाला.