जुन्या वकीलपत्रावर अपील होईल का?

तुम्हा तिघा भावंडांचा वाटपाचा दावा तालुक्याच्या दिवाणी कोर्टाने 2 जूनला फेटाळला. आधीचे वकील म्हणतात, जुनं वकीलपत्र (वकिलाला तुमच्या वतीने काम चालवायचा अधिकार देणारा कागद) अपिलालाही चालतं. जिल्हा कोर्टातले वकील नवीन मागतात. भाऊ दुबईला, म्हणून नव्या वकीलपत्रावर त्याची सही तुम्हीच करून टाकली. अशा पत्रात मी आधी एकच गोष्ट शोधतो: निकालाच्या नकलेचा, म्हणजे कोर्टाच्या शिक्क्याच्या प्रतीचा, अर्ज कधी दिला? तुमच्या पत्रात ती नाही, आणि आज 23 जून आहे.

जिल्हा न्यायालयात अपिलाची मुदत 30 दिवस. निकालाचा दिवस सोडून मोजले तर 2 जुलै. नक्कल मिळायला लागलेले दिवस मुदत कायद्याच्या कलम 12 प्रमाणे वगळतात, पण अर्ज दिल्यापासूनच. उद्या निकालपत्र आणि हुकूमनामा (निकालावरून काढलेला कोर्टाचा औपचारिक आदेश) या दोन्हींसाठी अर्ज दिलात आणि नक्कल 4 जुलैला तयार झाली, तर 11 दिवस मिळून मुदत 13 जुलैपर्यंत जाते. नकलेवरच्या शिक्क्यात तीन तारखा असतात: अर्जाची, तयार झाल्याची, दिल्याची. तयार नक्कल आणायला उशीर केलात तर ते दिवस तुमचेच गेले. 2 जुलैनंतर अर्ज दिला तर वगळायला काहीच उरत नाही. मग विलंबमाफीचा अर्ज, दिवसादिवसाचा खुलासा, आणि त्या अर्जावरच तारखांमागून तारखा.

वकीलपत्राची चूक सुधारता येते. सर्वोच्च न्यायालयाने 2005 मध्ये उदय शंकर त्रियार प्रकरणात सांगितलं की सदोष वकीलपत्रासाठी दुरुस्तीची संधी न देता अपील फेटाळू नये. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 3 नियम 4 मध्ये अपील हा दाव्याचाच पुढचा भाग धरला आहे, म्हणून तालुक्याचे वकील अगदीच चुकीचे नाहीत. पण ते तुमच्या वतीने दुसऱ्या वकिलाच्या नावे वकीलपत्र लिहून देऊ शकत नाहीत. नवीनच करा. प्रत्येक सहीखाली नाव आणि अनुक्रमांक, तारीख, वकिलांची स्वीकृतीची सही व पत्ता, आणि वकील कल्याण निधीचं तिकीट.

भावाच्या नावाची तुम्ही केलेली सही मात्र चूक म्हणून सोडून देण्यासारखी नाही. ती खोटी सही आहे. तो कागद वकिलांकडून आजच परत घ्या. दाखल झाला असेल तर त्यांना खरं सांगा. भावाने दुबईत स्वतः सही करून मूळ कागद कुरिअरने पाठवला तरी पुरतं. कुलमुखत्यारपत्र, म्हणजे त्याच्या वतीने कामं करायचा अधिकार देणारा दस्त, लागतंच असं नाही. काही ठिकाणी कोर्टाचं कार्यालय साक्षांकनाची (सही अधिकाऱ्यासमोर झाल्याच्या शिक्क्याची) हरकत काढतं, ते आधी विचारून घ्या. कुलमुखत्यारपत्रच करायचं असेल तर ते तिथल्या भारतीय वाणिज्य दूतावासात साक्षांकित व्हावं, त्यात अपील दाखल करण्याचा अधिकार स्पष्ट लिहावा, आणि भारतात आल्यापासून तीन महिन्यांत मुद्रांक शुल्क भरावं.

कागद वेळेत आला नाही तर थांबू नका. पूर्वीच वाटप झालंय, हे दावा फेटाळण्याचं कारण तिघांनाही सारखंच लागू आहे. अशा वेळी आदेश 41 नियम 4 प्रमाणे तुम्ही आणि बहीण दोघंच संपूर्ण हुकूमनाम्याविरुद्ध अपील करू शकता; भावाला औपचारिक उत्तरवादी, म्हणजे नावापुरता समोरचा पक्ष, करा.

दाव्यात तात्पुरती मनाई (दावा चालू असेपर्यंतचा मनाई हुकूम) मिळाली असेल तर ती 2 जूनलाच संपली. अपील दाखल झाल्याने ती आपोआप परत येत नाही. मनाईचा अर्ज अपिलाबरोबर त्याच दिवशी द्या.